सिंधू खोऱ्याचे पाणीवाटप : वरचा देश, खालचा देश आणि शेपटाचा शेतकरी



चारीच्या मुखाजवळ जमीन असलेला शेतकरी आणि चारीच्या शेपटाला जमीन असलेला शेतकरी यांच्यातील कुरबूर आपणास नवीन नाही. कालव्याला आवर्तन सुटले की वरच्याचे वाफे भरून वाहतात आणि खालचा रात्री कंदील घेऊन बांधावर पाण्याची वाट पाहतो. हाच प्रश्न राज्याराज्यांत उभा राहिला म्हणजे लवाद नेमावा लागतो, हे कृष्णा आणि गोदावरीच्या बाबतीत आपण पाहिले आहे. परंतु चारीचे मुख एका देशात आणि शेपूट दुसऱ्या देशात गेले तर काय होते? सिंधू नदीच्या खोऱ्यात नेमके हेच झाले. एप्रिल २०२५ पासून सिंधू जल कराराचे नाव वर्तमानपत्रांत व दूरदर्शनवर वारंवार येत असल्याने, हा करार काय आहे, तो कशामुळे करावा लागला आणि त्यात शेतीचा संबंध कोठे येतो हे थोडे सविस्तर समजावून घेऊ या.

खोरे आणि नद्या

सिंधू नदी तिबेटात कैलास-मानसरोवराच्या परिसरात उगम पावते. तेथून ती लडाखमधून वाहत जाऊन पुढे पाकिस्तानच्या ताब्यातील डोंगराळ मुलखातून मैदानात उतरते आणि पंजाब व सिंध हे प्रांत ओलांडून अरबी समुद्रास मिळते. तिला पूर्वेकडून मिळणाऱ्या पाच नद्या म्हणजे झेलम, चिनाब, रावी, बियास व सतलज. यांच्यावरूनच पंजाब हे नाव पडले. पश्चिमेकडून काबूल नदी येऊन मिळते. संपूर्ण खोऱ्याचे क्षेत्र सुमारे ११ लाख चौरस किलोमीटर असून ते चीन, भारत, पाकिस्तान व अफगाणिस्तान या चार देशांत विभागलेले आहे. यांपैकी सर्वात मोठा भाग पाकिस्तानात व त्याखालोखाल भारतात येतो. करार मात्र भारत व पाकिस्तान या दोघांतच आहे, ही गोष्ट ध्यानात ठेवावी.

या नद्यांचे पाणी आपल्या नद्यांप्रमाणे केवळ पावसाचे नाही. हिवाळ्यात डोंगरात बर्फ साठते, उन्हाळ्यात ते वितळते आणि त्याच्या मागोमाग मोसमी पाऊस येतो. त्यामुळे वर्षभराच्या प्रवाहाचा फार मोठा हिस्सा उन्हाळा व पावसाळ्याच्या चारपाच महिन्यांत वाहून जातो आणि गव्हाच्या हंगामात नद्या बारीक होतात. जेव्हा पाणी मुबलक असते तेव्हा साठवायला जागा नाही आणि जेव्हा गव्हाला पाणी हवे तेव्हा नदीत ते नाही, अशी ही स्थिती आहे. पुढील सगळी भांडणे समजण्यासाठी हा मुद्दा फार उपयोगी पडतो.

कालव्यांचा पंजाब

आज पंजाब म्हटले की गहू व भात डोळ्यांपुढे येतो. परंतु दीडशे वर्षांपूर्वी दोन नद्यांमधील उंचवट्याची जमीन, जिला तिकडे दोआब म्हणतात, बरीचशी गायरान व झुडपी होती. इंग्रज सरकारने १८५९ मध्ये रावी नदीवर माधोपूर येथून अपर बारी दोआब कालवा सुरू केला. पुढे १८८२ मध्ये सतलजवर रोपड येथून सरहिंद कालवा व १८९२ मध्ये लोअर चिनाब कालवा आला. या शेवटच्या कालव्यावर ओसाड जमीन पाडून, चौकोनी आखणी करून, बाहेरून शेतकरी आणून वसविण्यात आले. अशा वसाहतींपैकी एक म्हणजे ल्यालपूर, आजचे फैसलाबाद. त्यानंतर झेलमचे पाणी चिनाबमध्ये आणि चिनाबचे पाणी रावीपलीकडे नेणारे तीन जोडकालवे बांधण्यात आले. एका नदीचे पाणी दुसऱ्या नदीत टाकण्याची युक्ती त्या भागात शंभर वर्षांपूर्वीपासून चालू आहे, हे सांगण्यासारखे आहे. १९२७ मध्ये बिकानेरच्या महाराजा गंगासिंहांनी सतलजचे पाणी फिरोजपूरहून आपल्या वाळवंटी संस्थानात आणले. तो गंग कालवा आजही गंगानगर जिल्ह्यास पाणी देतो. १९३२ मध्ये सिंधमध्ये सक्कर बंधारा पुरा झाला.

वरच्याने पाणी घेतले की खालच्याची तक्रार सुरू होते, तसे येथेही झाले. पंजाबात सतलजवर धरण बांधण्याचा बेत निघाला तेव्हा सिंधने हरकत घेतली. ही हरकत तपासण्यासाठी न्यायमूर्ती बेनेगल नरसिंह राव यांच्या अध्यक्षतेखाली आयोग नेमण्यात आला व त्याने १९४२ मध्ये अहवाल दिला. हेच राव पुढे आपल्या घटना समितीचे सल्लागार झाले. म्हणजे देशाची फाळणी होण्याच्या अगोदरच, एकाच राज्यकर्त्याच्या अमलाखाली असलेले दोन प्रांत पाण्यासाठी भांडत होते. पाण्याचा तंटा फाळणीने निर्माण केला असे जे सरसकट म्हटले जाते ते म्हणूनच पुरते खरे नाही. फाळणीने त्यात आंतरराष्ट्रीय सीमा घातली.

१ एप्रिल १९४८

ऑगस्ट १९४७ मध्ये आखलेल्या सीमारेषेने गावे व शेते तोडली, तसे कालवेही तोडले. रावीवरील माधोपूरचे आणि सतलजवरील फिरोजपूरचे हेडवर्क्स, म्हणजे पाणी वळविण्याचे बंधारे व दरवाजे, भारतात राहिले. त्यांच्यावर भिजणारी बरीच जमीन मात्र पाकिस्तानात गेली. दोन्हीकडील अभियंत्यांनी डिसेंबर १९४७ मध्ये एक तात्पुरता करार करून ३१ मार्च १९४८ पर्यंत पाणी पूर्वीप्रमाणे चालू ठेवण्याचे ठरविले. ही मुदत संपली, नवा करार झाला नाही आणि १ एप्रिल रोजी पूर्व पंजाब सरकारने पाकिस्तानात जाणाऱ्या कालव्यांचे पाणी बंद केले.

एप्रिल महिन्यात पाणी बंद होणे म्हणजे काय, हे शेतकऱ्याला समजावून सांगावे लागत नाही. गहू काढणीला आलेला असतो, परंतु कापसाच्या पेरणीपूर्वीचे ओलीत व उन्हाळी चारा पाण्यावाचून अडतो. माणसांच्या व जनावरांच्या पिण्याच्या पाण्याचाही कालवाच आधार होता. ४ मे १९४८ रोजी दिल्लीत दोन्ही सरकारांची बैठक होऊन पाणी पुन्हा सोडण्यात आले. भारताने पाणी हळूहळू कमी करावे व दरम्यान पाकिस्तानने पर्यायी व्यवस्था करावी, असे तेव्हा ठरले. परंतु पाण्यावर हक्क कोणाचा हा मूळ प्रश्न तसाच राहिला. पूर्व पंजाबचे म्हणणे असे की, नदी आमच्या मुलखात असेपर्यंत पाणी आमचे. पाकिस्तानचे म्हणणे असे की, वर्षानुवर्षे ज्या पाण्यावर आमची पिके उभी आहेत ते तोडता येणार नाही. पहिल्या म्हणण्यास मुखाचा हक्क व दुसऱ्यास वहिवाटीचा हक्क म्हणता येईल.

पूर्व पंजाबचीही अडचण खोटी नव्हती. फाळणीत कालव्याखालील तयार जमीन बहुतांशी पलीकडे गेली होती. तेथून उठून आलेल्या निर्वासित शेतकऱ्यांना इकडे जमिनी द्यावयाच्या होत्या आणि त्या कोरडवाहू होत्या. ल्यालपुरात कालव्यावर शेती केलेला माणूस कोरडवाहू तुकड्यावर येऊन बसला होता व त्याला पाणी हवे होते.

नद्यांची वाटणी कशी झाली

१९५१ मध्ये अमेरिकेतील टेनेसी खोरे प्राधिकरणाचे माजी अध्यक्ष डेव्हिड लिलिएंथॉल यांनी दोन्ही देशांचा दौरा केला. राजकारण बाजूला ठेवून संपूर्ण खोऱ्याचा एकत्रित विकास करावा व त्यास जागतिक बँकेने पैसा द्यावा, असे त्यांनी लेख लिहून सुचविले. बँकेचे अध्यक्ष यूजीन ब्लॅक यांनी सूचना उचलून धरली व १९५२ पासून बोलणी सुरू झाली.

एकत्र खोऱ्याची कल्पना कागदावर उत्तम होती. एकाच विहिरीवर दोन भावांनी सामाईक मोट चालवावी तशी ती होती. परंतु ज्या भावांत बोलणेच बंद आहे त्यांची सामाईक विहीर किती दिवस चालते, हे आपण गावोगाव पाहतो. दोन वर्षांच्या बोलण्यांत ते जमेना. शेवटी फेब्रुवारी १९५४ मध्ये बँकेने पाण्याऐवजी नद्याच वाटून घेण्याचा प्रस्ताव मांडला. पूर्वेकडील तीन नद्या, म्हणजे रावी, बियास व सतलज, भारतास आणि पश्चिमेकडील तीन, म्हणजे सिंधू, झेलम व चिनाब, पाकिस्तानास. तपशील ठरण्यास आणखी सहा वर्षे लागली. १९ सप्टेंबर १९६० रोजी कराची येथे पंतप्रधान जवाहरलाल नेहरू व पाकिस्तानचे राष्ट्राध्यक्ष अयूब खान यांनी करारावर सह्या केल्या. बँकेच्या वतीने डब्ल्यू. ए. बी. इलिफ यांनी सही केली.

पाकिस्तानच्या ज्या जमिनी पूर्वी पूर्वेकडील नद्यांवर भिजत होत्या त्यांना आता पश्चिमेकडील नद्यांतून पाणी आणून द्यावयाचे होते. या बदली कामांसाठी भारताने ६ कोटी २० लाख ६० हजार पौंड दहा समान वार्षिक हप्त्यांत देण्याचे मान्य केले. ऑस्ट्रेलिया, कॅनडा, पश्चिम जर्मनी, न्यूझीलंड, ब्रिटन व अमेरिका यांनीही निधीत भर घातली. कामे पुरी होईपर्यंत दहा वर्षांचा संक्रमणकाळ ठरला व तो ३१ मार्च १९७० रोजी संपला. मध्यंतरी १९६५ चे युद्ध होऊन गेले, तरी भारताने आपले हप्ते थांबविले नाहीत.

पाणी किती आणि कोणाकडे

बातम्यांत या नद्यांचे पाणी दशलक्ष एकर-फुटांत सांगतात. एक एकर जमिनीवर एक फूट उंच पाणी उभे केले तर ते एक एकर-फूट होय. असे दहा लाख मिळून एक दशलक्ष एकर-फूट. आपल्या ओळखीच्या टीएमसीत ते ४३.५६ टीएमसी भरते. पूर्वेकडील तिन्ही नद्यांचा सरासरी वार्षिक प्रवाह सुमारे ३३ दशलक्ष एकर-फूट, म्हणजे जवळजवळ १४४० टीएमसी धरला जातो. पश्चिमेकडील तिन्ही नद्यांचा सुमारे १३५, म्हणजे ५८८० टीएमसी. आपल्या कोयना धरणाची क्षमता सुमारे १०५ टीएमसी आहे. त्या मापाने पाहिल्यास भारताच्या वाट्यास चौदा कोयना आणि पाकिस्तानच्या वाट्यास छप्पन्न कोयना आल्या.

हे आकडे ऐकून कोणालाही वाटेल की वाटणी फारच असमान झाली. या मुद्द्यावर भारतात १९६० पासूनच टीका होत आलेली आहे. दुसरी बाजू अशी की वाटणीच्या वेळी पाकिस्तानच्या बाजूस ओलिताखाली असलेली जमीन कितीतरी अधिक होती व चालू वापराला संरक्षण द्यावयाचे हे सूत्र धरले गेले. आपल्या कृष्णा खोऱ्यात पहिल्या लवादाने, म्हणजे बच्छावत लवादाने, सप्टेंबर १९६० पर्यंतच्या वापराला असेच संरक्षण दिले होते. महिना व वर्ष एकच निघावे हा योगायोग आहे, परंतु तत्त्व तेच आहे. ज्याने आधी कालवे काढले त्याला या तत्त्वाचा फायदा होतो आणि ज्याचा मुलूख मागे राहिला त्याला तोटा होतो. महाराष्ट्रातील शेतकऱ्याला हे निराळे सांगावयास नको.

पश्चिमेकडील नद्या पाकिस्तानास दिल्या म्हणजे भारताने त्यांना हातच लावावयाचा नाही असे मात्र करारात नाही. घरगुती वापरास मुभा आहे. जम्मू-काश्मीर, लडाख व हिमाचल भागात या नद्यांवर एकूण १३ लाख ४३ हजार एकरांपर्यंत ओलीत करता येते. ३.६ दशलक्ष एकर-फूट, म्हणजे साधारण १५७ टीएमसी, साठा करता येतो. वाहत्या पाण्यावर वीज तयार करण्यासही मुभा आहे, फक्त पाणी वापरून पुन्हा नदीत सोडले पाहिजे. यांपैकी साठ्याचा व ओलिताचा आपला वाटा भारताने बराच काळ पुरता वापरला नाही, ही वस्तुस्थिती आहे. डोंगरी मुलूख, पैशाची अडचण, अशांतता आणि प्रत्येक प्रकल्पावर येणारी हरकत, अशी त्याची कारणे आहेत.

विजेच्या धरणांसाठी नियम फार बारकाईने घातलेले आहेत. चिनाबवरील वीजघराने दिवसा पाणी अडवून संध्याकाळी सोडले तरी चालते, पण सात दिवसांच्या हिशेबात जेवढे पाणी आले तेवढे खाली गेले पाहिजे. नवे धरण प्रथम भरावयाचे तर ते नदीला भरपूर पाणी असताना, पावसाळ्यातच भरावे लागते. या अटींमागे खालच्या शेतकऱ्याच्या पेरणीचा व रब्बीच्या पाळीचा विचार आहे.

करारानंतरची कामे

भारताने सतलजवर २२६ मीटर उंचीचे भाक्रा धरण बांधले व १९६३ मध्ये ते राष्ट्रास अर्पण झाले. बियासवर पोंग धरण, पंडोह येथून बियासचे पाणी सतलजमध्ये नेणारा बोगदा, रावीवर रणजितसागर धरण, अशी कामे होत गेली. सतलज-बियासच्या संगमाखाली हरिके येथे बंधारा आहे. तेथून निघणारा राजस्थान कालवा, आजचा इंदिरा गांधी कालवा, ६४९ किलोमीटर लांबीचा असून थेट जैसलमेरच्या वाळूत पाणी नेतो. भारतातील हरितक्रांती या पाण्यावर उभी राहिली असे म्हणण्यास हरकत नाही.

पाकिस्तानने झेलमवर मंगला व सिंधूवर तरबेला ही मोठी धरणे आणि पश्चिमेचे पाणी पूर्वेस नेणारे जोडकालवे बांधले. मंगला धरणात मीरपूर भागातील सुमारे एक लाख लोक विस्थापित झाले व त्यांतील पुष्कळ जण इंग्लंडात जाऊन स्थायिक झाले.

रावीचे थोडे पाणी मात्र बरीच वर्षे आपल्या हद्दीतून तसेच खाली जात राहिले. ते अडविण्यासाठी पंजाबात शाहपूर कंडी येथे धरणाचे काम निघाले. ते पंजाब व जम्मू-काश्मीर यांच्यातील वादामुळे अनेक वर्षे रखडले. अखेर २०२४ च्या आरंभी त्यात पाणी अडविण्यास सुरुवात झाली. म्हणजे हे पाणी पाकिस्तानला सोडण्यामागे कराराची सक्ती नव्हती. आपल्याच दोन राज्यांचे एकमत होत नव्हते.

गाळाचा प्रश्न

या करारावरील तांत्रिक वादांपैकी पुष्कळसे गाळाभोवती फिरतात, हे वाचून आश्चर्य वाटेल. हिमालयातील नद्या प्रचंड गाळ आणतात. धरणाच्या तळाजवळ दरवाजे ठेवले तर पावसाळ्यात गाळ धुऊन काढता येतो. परंतु त्याच दरवाजांनी वरचा देश हवे तेव्हा धरण रिकामे करू शकतो व हवे तेव्हा भरू शकतो, अशी पाकिस्तानला भीती. त्यामुळे चिनाबवरील सलाल धरणाबाबत १९७८ मध्ये तडजोड होऊन तळाचे दरवाजे बंद करण्यात आले. परिणामी जलाशय काही वर्षांतच गाळाने भरला. पाझर तलावात गाळ साचून पाणी राहत नाही, त्याचाच हा मोठा अवतार.

पुढे बगलिहार धरणाचा वाद तटस्थ तज्ज्ञाकडे गेला. स्वित्झर्लंडचे रेमंड लाफित यांनी २००७ मध्ये निर्णय देताना धरणाची उंची थोडी कमी करावयास लावली, पण गाळासाठी खालच्या पातळीवरील दरवाजे योग्य ठरविले. त्यानंतर किशनगंगा प्रकल्प लवाद न्यायालयात गेला. भारतास पाणी वळविण्याचा हक्क आहे, परंतु खालच्या नदीत सेकंदास किमान ९ घनमीटर पाणी सोडले पाहिजे, असा निकाल २०१३ मध्ये लागला. गाळ धुण्यासाठी जलाशय मृतसाठ्याखाली उतरविण्यास मात्र त्या न्यायालयाने मनाई केली. दोन निर्णय दोन दिशांना गेले आणि त्या गोंधळातून पुढील वाद वाढले. माझ्या मते १९६० च्या करारातील सर्वात कच्चा दुवा हाच आहे. त्या काळच्या अभियंत्यांनी पाण्याचा हिशेब थेंबाथेंबाने मांडला, गाळाच्या हिशेबाकडे मात्र तितके लक्ष दिले नाही. पाकिस्तानच्या तरबेला धरणाचीही एक तृतीयांशाहून अधिक क्षमता गाळाने गेली आहे.

घरातील भांडणे

दोन देशांचे भांडण मोठे दिसते, पण प्रत्येक देशाच्या घरात तेच चालू आहे. भारतात १९५५ मध्ये रावी-बियासच्या जादा पाण्याचे वाटप पंजाब, राजस्थान व जम्मू-काश्मीर यांत झाले. १९६६ मध्ये हरियाणा वेगळा झाला आणि त्याचा वाटा किती हा प्रश्न निघाला. त्यासाठी सतलज-यमुना जोडकालव्याचे काम १९८२ मध्ये सुरू झाले. हरियाणाने आपला भाग बांधला. पंजाबातील भाग आंदोलन व हिंसाचारामुळे बंद पडला. २००४ मध्ये पंजाब विधानसभेने जुने पाणीकरार रद्द करणारा कायदा केला व २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो घटनाबाह्य असल्याचे मत दिले. कालवा अद्याप पुरा नाही.

पाकिस्तानात पंजाब हा मुखाचा व सिंध हा शेपटाचा प्रांत. १९९१ मध्ये चार प्रांतांत करार होऊन पंजाबला ५५.९४ व सिंधला ४८.७६ दशलक्ष एकर-फूट पाणी ठरले. तरीही कमी पाण्याच्या वर्षी तूट कोणी सोसावयाची, यावर दरवर्षी वाद होतात. कालाबाग धरणाची योजना सिंध व खैबर-पख्तुनख्वाच्या विरोधामुळे अनेक दशके पडून आहे. पंजाबातील चोलिस्तान वाळवंटात नवे कालवे काढण्याच्या बेताविरुद्ध सिंधमध्ये मोठे आंदोलन झाले व एप्रिल २०२५ मध्ये, प्रांतांची सहमती होईपर्यंत, तो बेत बाजूस ठेवावा लागला. कोत्री हा सिंधूवरील शेवटचा बंधारा. त्याच्या खाली कोरड्या महिन्यांत नदीत फारच थोडे पाणी उरते. समुद्राचे खारे पाणी आत शिरून त्रिभुज प्रदेशातील भातजमिनी वाया गेल्या आहेत. तेथील शेतकऱ्याच्या दृष्टीने दिल्ली दूरच आहे, त्याचा तंटा सक्करच्या वर कोणी किती पाणी घेतले याच्याशी आहे.

वारबंदी

या खोऱ्यात सीमेच्या दोन्ही बाजूंस एक गोष्ट आजही सारखी आहे. ती म्हणजे वारबंदी. आपल्याकडे शेजपाळीत क्रम ठरलेला असतो. वारबंदीत वार व वेळ ठरलेली असते. एका चारीवरील सर्व जमिनीला आठवड्याचे १६८ तास एकराच्या प्रमाणात वाटून दिले जातात. समजा, चारीवर ४०० एकर जमीन आहे. आठवड्याची १०,०८० मिनिटे भागिले ४०० म्हणजे एकरी सुमारे २५ मिनिटे. पाच एकरवाल्यास दोन तास सहा मिनिटे पाणी मिळते, मग तो कोणत्याही जातीचा वा पक्षाचा असो. पाणी शेतापर्यंत पोचण्यास लागणारा वेळ त्याच्या हिशेबात वाढवून देतात, त्यास भराई म्हणतात. पाणी बंद झाल्यावर चारीत उरलेले पाणी ज्यास मिळते त्याच्या वेळेतून काही मिनिटे कापतात, ती झराई.

पद्धत अत्यंत न्याय्य दिसते. अडचण इतकीच की वेळ समान वाटता येते, पाणी समान वाटता येत नाही. कच्च्या चारीत वाटेत पाणी झिरपते. वर कोणी चारीचे तोंड मोठे केले की खाली धार बारीक होते. शेपटाच्या शेतकऱ्याचे तास घड्याळाप्रमाणे पुरे होतात, पण त्याचे शेत भिजत नाही. म्हणून तो कूपनलिका घेतो. भारतीय पंजाबात भाताखालील क्षेत्र व मोफत वीज यांमुळे कूपनलिका इतक्या झाल्या की राज्याच्या बहुतेक भागात भूजल खाली गेले आहे. याउलट दक्षिण-पश्चिमेच्या मुक्तसर भागात व राजस्थानात हनुमानगढकडे कालव्याच्या पाझराने जमिनी पाणथळ व क्षारयुक्त झाल्या. पाकिस्तानात १९६० नंतर क्षारपड जमिनी सुधारण्यासाठी सरकारला हजारो कूपनलिका बसवाव्या लागल्या. कृष्णाकाठच्या उसाच्या पट्ट्यात चोपण जमिनी ज्यांनी पाहिल्या आहेत त्यांना हे चित्र ओळखीचे वाटेल. निचऱ्याच्या चरांवाचून बारमाही पाणी दिले की दहापंधरा वर्षांत माती त्याची किंमत वसूल करते. करारात कोणत्या देशाला किती पाणी हे लिहिले गेले, पण भूजल व निचरा यांवर त्यात फारसे काही नाही.

एप्रिल २०२५ आणि नंतर

१९६५, १९७१ व १९९९ च्या लढायांतही करार चालू राहिला. दोन्ही देशांचा एक एक आयुक्त मिळून बनलेला स्थायी सिंधू आयोग भेटत राहिला. नंतर हवामान, लोकसंख्या व विजेची गरज बदलल्याचे सांगून भारताने जानेवारी २०२३ मध्ये व पुन्हा ऑगस्ट २०२४ मध्ये करारात फेरबदलाची मागणी करणाऱ्या नोटिसा दिल्या. २२ एप्रिल २०२५ रोजी पहलगाम येथे अतिरेक्यांनी २६ जणांची हत्या केली. दुसऱ्या दिवशी भारत सरकारने करार स्थगित ठेवल्याचे जाहीर केले. सीमेपलीकडून होणाऱ्या दहशतवादास पाकिस्तान पाठिंबा देण्याचे खात्रीलायक व कायमचे सोडीपर्यंत ही स्थगिती राहील, अशी भूमिका आहे. पाकिस्तानला ती मान्य नाही. लवाद न्यायालयाने २०२५ मध्ये दिलेले निर्णय भारताने अमान्य केले आहेत.

स्थगिती म्हणजे चिनाबचे पाणी दुसऱ्या दिवशी बंद झाले, असे काही ठिकाणी बोलले गेले. तसे होऊ शकत नाही. पाणी अडवावयास साठा लागतो आणि पश्चिमेकडील नद्यांवर भारताचे बहुतेक प्रकल्प वाहत्या पाण्यावरील विजेचे आहेत. त्यांत काही दिवसांचे पाणी मावते, हंगामाचे नव्हे. पकल दुल, किरू, क्वार, रतले अशी कामे चिनाब खोऱ्यात चालू आहेत. मोठे साठे व कालवे उभे राहण्यास बरीच वर्षे लागतील. मात्र थोडा साठा असूनही वेळेचा फरक पडतो. मे २०२५ मध्ये बगलिहार व सलाल येथे गाळ धुण्यासाठी जलाशय रिकामे करून पुन्हा भरण्यात आले, तेव्हा खाली मराला हेडवर्क्सवर चिनाबचा प्रवाह काही दिवस एकदम उतरला व मग चढला. मे महिना हा पलीकडे कापसाच्या लागणीचा व भाताच्या रोपवाटिकांचा. वर्षाच्या हिशेबात या पाण्याने काहीच फरक पडत नाही, पण पेरणीच्या आठवड्यात पडतो.

स्थगितीचा दुसरा परिणाम माहितीवर झाला. नदीची पातळी, धरणातील विसर्ग, पुराची सूचना ही माहिती आयुक्तांमार्फत जात असे, ती थांबली. ऑगस्ट २०२५ मध्ये जम्मूत तावी नदीला मोठा पूर आला तेव्हा भारताने माणुसकीच्या भावनेने पाकिस्तानला सूचना दिली, ती आयोगामार्फत न देता इस्लामाबादमधील आपल्या उच्चायुक्तालयामार्फत दिली. त्याच आठवड्यात रावी, बियास व सतलज यांना, म्हणजे करारान्वये पूर्णपणे भारताच्या असलेल्या तिन्ही नद्यांना, अनेक वर्षांत झाला नव्हता असा पूर आला. माधोपूरच्या जुन्या बंधाऱ्याचे दरवाजे वाहून गेले. गुरदासपूर, अमृतसर, फिरोजपूर, फाजिल्का या जिल्ह्यांत कापणीला आठवडे राहिलेला भात पाण्याखाली गेला आणि तेच पाणी सीमा ओलांडून पलीकडच्या पंजाबातील भात, कापूस व उसाच्या शेतांत शिरले. ओसरताना त्याने दोन्हीकडच्या शेतांत वाळूचा थर टाकला. पुढच्या गव्हाची पेरणी साधावयाची तर तो थर काढून टाकणे हेच दोन्ही बाजूंच्या शेतकऱ्यांसमोरचे पहिले काम होते.